३१ मार्चची रेघ
निवृत्तिवेतन ही मेहेरबानी नसून हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयाच्या १७ डिसेंबर १९८२ च्या नाकरा निकालाने पक्के केले. केंद्राने १९७९ मध्ये शेवटच्या ३६ ऐवजी १० महिन्यांच्या पगाराची सरासरी धरायचे ठरवले. पगार चढत जातो, म्हणून हा काळ आखडला की निवृत्तिवेतन वाढते. लाभ मात्र ३१ मार्च १९७९ पासून निवृत्त होणाऱ्यांनाच! एक दिवस आधी निवृत्त झालेला, त्याच हुद्द्यावरचा माणूस जन्मभर मागे. सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांच्या घटनापीठाने ही अट रद्द केली, ते योग्यच झाले. तिजोरीवर भार पडेल, हा आक्षेप खरा होता. पण न्यायालयाने मागची थकबाकी दिली नाही, पुढचेच निवृत्तिवेतन सुधारले. निवृत्तिवेतनाऐवजी भविष्यनिर्वाह निधी निवडलेल्या रेल्वे कर्मचाऱ्यांना मात्र १९९० मध्ये वेगळा वर्ग ठरवून हाच न्याय नाकारला गेला.