गाथेतल्या आयाबाया

आपल्या विहारात रविवारची वंदना झाली की पोरांचे प्रश्न सुरू होतात. मागे एका कॉलेजात जाणाऱ्या मुलाने विचारले, "काका, आपलं पहिलंच आर्यसत्य दुःख. मग बुद्धाच्या धम्मात सुख नाहीच का?" मी त्याला अष्टांग मार्ग वगैरे सांगून वेळ मारून नेली. पण माझे उत्तर माझे मलाच पटले नव्हते. घरी आलो आणि थेरीगाथा काढून बसलो. वर्धापनदिनाच्या स्मरणिकेत ते उत्तर जरा नीट द्यावे, म्हणून हा लेखप्रपंच.

थेरीगाथा हा सुत्तपिटकातल्या खुद्दकनिकायाचा नववा ग्रंथ. भगवंतांच्या काळातल्या आणि त्यानंतरच्या भिक्षुणींनी आपल्या आयुष्याबद्दल म्हटलेल्या या गाथा. एकूण प्रकरणे ७३, गाथा सव्वापाचशेच्या आसपास. कित्येक पिढ्या त्या तोंडपाठ होत्या. परंपरेप्रमाणे इ. स. पूर्व पहिल्या शतकात सिंहलद्वीपात त्रिपिटक लिहून काढले गेले, तेव्हा त्याही लिहिल्या गेल्या. स्त्रियांच्या कवितांचे इतके जुने संग्रह जगात फार थोडे आहेत. मात्र वाचताना एक भान ठेवावे. गाथा जुन्या, पण त्या कोणी कोणत्या प्रसंगी म्हटल्या याच्या सविस्तर कथा पुढे कित्येक शतकांनी आचार्य धम्मपालांनी अट्ठकथेत दिल्या. दोन्हींची सरमिसळ करून ठोकून द्यायचे, ही आपल्याकडची सवय बरी नाही.

या बायका कोण होत्या? काही राजघराण्यातल्या, सावकारांच्या लेकी होत्या. पण बाकीच्यांकडे पाहा. चंदा नावाची थेरी सांगते की ती विधवा होती, मूलबाळ नाही, नातेवाईक नाहीत, अंगावर धड कपडा नाही. हातात भांडे आणि काठी घेऊन सात वर्षे उन्हातान्हात, थंडीत दारोदार फिरली. पुढे भिक्षुणी झाली. सुमंगल नावाच्या थेराची आई तर मुसळातून सुटले म्हणून आनंद करते! नवरा छत्र्या करणारा, घरात दारिद्र्य. त्या मुसळाबरोबर तिला नवऱ्याची छत्री आठवते आणि पाणसापासारखा वास मारणारे घरातले मडकेही आठवते. आता ती झाडाखाली बसते आणि किती हे सुख, असे स्वतःशी म्हणत ध्यान करते. आपल्या वस्तीतल्या आयांना मी हे सांगितले तेव्हा त्या खो खो हसल्या. मडक्याचा वास कोणाला सांगावा लागला नाही.

मला सगळ्यांत जवळची वाटते ती पुण्णा. तिला पुण्णिका असेही म्हणतात. अट्ठकथा म्हणते की ती श्रावस्तीच्या अनाथपिंडिकाच्या घरी दासीच्या पोटी जन्मली. पाणी भरणे हे तिचे काम. ती स्वतः गाथेत सांगते की कडाक्याच्या थंडीतही तिला नदीत उतरावे लागे, कारण मालकिणींच्या माराची आणि बोलण्याची भीती. एके दिवशी त्याच नदीत एक ब्राह्मण कुडकुडत उभा दिसला. तिने विचारले, बाबा, मी माराच्या भीतीने पाण्यात उतरते, तुम्ही कोणाच्या भीतीने? तो म्हणाला, पाप धुतोय. पुण्णा म्हणाली, असे असेल तर बेडूक, कासव, साप, मगरी सगळे स्वर्गात जातील. खाटीक, कोळी, चोर यांनीही बुडी मारावी आणि मोकळे व्हावे. आणि नदी तुमचे पाप वाहून नेत असेल तर पुण्यही नेईल, मग हाती काय उरेल?

ब्राह्मण निरुत्तर झाला. त्याने खुश होऊन तिला वस्त्र देऊ केले. पुण्णा म्हणाली, ते तुमचे तुमच्याकडेच असू द्या, मला नको. पाणी भरणाऱ्या दासीला कोणी वस्त्र देऊ करते आणि ती नको म्हणते! तिच्या सुखाचे मोजमाप करायचे असेल तर ते इथे करावे. तिने त्याला शरण जायला सांगितले ते बुद्ध, धम्म आणि संघाला, आणि शील पाळायला.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. अट्ठकथेप्रमाणे अनाथपिंडिकाने पुण्णाला दास्यातून मोकळे केले आणि मग ती संघात आली. दासीपणातच समाधान मानून राहा, असे तिला कोणी सांगितले नाही. "आहे त्यात सुख माना" हा उपदेश आपल्या वाडवडलांना हजारो वर्षे झाला, आणि तो करणाऱ्यांचे पाणवठे मात्र वेगळे होते. २० मार्च १९२७ ला महाडच्या चवदार तळ्यावर बाबासाहेबांबरोबर पाणी प्यायलेली माणसे पुण्णाचीच भावंडे म्हणायची.

बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' लिहिताना हीच माणसे वेचून घेतली. ग्रंथ १९५७ साली, त्यांच्या महापरिनिर्वाणानंतर प्रसिद्ध झाला. त्यात झाडूवाला सुनीत, अस्पृश्य सोपाक, शेतात राबणारा सुमंगल, चिंध्या पांघरून भाताची शिते मागत फिरणारा कप्पटकुर, यांच्या धम्मदीक्षेचे स्वतंत्र प्रकरण आहे. आणि निर्वाणाबद्दल त्यांनी जे मांडले ते त्या कॉलेजातल्या मुलाने मुद्दाम वाचावे. निर्वाण म्हणजे मेल्यानंतरचा आत्म्याचा मोक्ष नव्हे. जिवंत माणसाचे, याच संसारात, जिवंतपणी मिळणारे सुख, आणि ते विकारांच्या आगीवर ताबा ठेवल्याने मिळते.

पण कोणी म्हणेल, या थेरी घर सोडून गेल्या. आम्हाला रेशन आहे, पोरांची फी आहे, म्हाताऱ्यांची औषधे आहेत. आमचे काय? प्रश्न रास्त आहे. भगवंतांनी अनाथपिंडिकाला गृहस्थाची चार सुखे सांगितली आहेत. कष्टाने, सरळ मार्गाने मिळवलेले जवळ असणे, त्याचा उपभोग घेणे आणि दान करणे, कोणाचे कर्ज नसणे, आणि आपल्या हातून वाईट घडले नाही हे ठाऊक असणे. शेवटचे सर्वांत मोठे. तिसऱ्याबद्दल मात्र मी काय सांगावे! व्याजाच्या माणसाची वाट चुकवून मागच्या गल्लीने घरी आलेली पिढी आपल्याकडे आहे. लग्नाच्या मांडवासाठी कर्ज काढणारी आजही आहे.

आणि मग नकुलमाता. भग्ग देशात सुंसुमारगिरी नावाच्या गावी नकुलपिता आणि नकुलमाता हे नवराबायको राहत. म्हातारा एकदा फार आजारी पडला, जातो की राहतो असे झाले. ती उशाशी बसून म्हणाली, काळजी घेऊन मरू नका, तसे मरण दुःखाचे असते. तुम्हाला वाटत असेल, माझ्यामागे पोराबाळांचे कसे होईल? मला सूत कातता येते, लोकर विंचरता येते. मी घर चालवीन. तुम्हाला वाटत असेल, ही दुसरे घर करील. नाही करणार. भगवंतांचे, संघाचे दर्शन मी सोडणार नाही. शील सोडणार नाही. माझे मन शांत आहे, धम्माबद्दल मला शंका उरलेली नाही.

१८ जानेवारी १९८२ ला मुंबईतला गिरणी संप सुरू झाला, तेव्हाची घरे ज्यांनी पाहिली त्यांना हे बोलणे ओळखीचे वाटेल. नवरा खाटेवर नाहीतर दारात सुन्न बसलेला, आणि बाई पापड लाटते, धुणीभांडी करते, खानावळ चालवते. वरून त्यालाच धीर देते. त्या बायांनी सूत कातले नाही एवढाच फरक.

तिचे बोलणे ऐकता ऐकता नकुलपित्याचे दुखणे ओसरले. उठायला लागल्यावर थोड्याच दिवसांत, काठीचा आधार घेत, तो भगवंतांकडे गेला. भगवंतांनी त्याला सांगितले, गृहपती, तुझी काळजी वाहणारी आणि तुला समजावून सांगणारी अशी बायको मिळाली, हा तुझा मोठा लाभ आहे.