निनावी टाका : फिलिपिनो भरतकाम आणि समकालीन कला

समकालीन फिलिपिनो कलेतील भरतकामाची चर्चा करताना 'परंपरेचे पुनरुज्जीवन' ही संज्ञा सर्रास वापरली जाते. परंपरा ही वसाहतपूर्व आणि अबाधित असते, हे त्यामागचे गृहीतक. मिंदानाव बेटावरील त्बोली आदी समाजांची भरतकामाची स्वतंत्र परंपरा आहे, हे खरे; परंतु लुझोन बेटावरील ज्या भरतकामाला राष्ट्रीय वारसा म्हणून मान्यता मिळाली, त्याचा इतिहास वेगळा आहे. 'पिन्या' या तलम, पारदर्शक वस्त्राचा धागा अननसाच्या पानांतून काढतात आणि अननस हे मुळात दक्षिण अमेरिकेतील पीक. ते स्पॅनिश अमलात येथे रुजले. युरोपीय पद्धतीचे सुईकाम ख्रिस्ती जोगिणींनी मुलींना शिकवले. पुढे लागुना प्रांतातील लुंबान आणि बातांगासमधील ताल ही गावे त्यासाठी ख्यातनाम झाली. 'कालादो' या प्रकारात कापडातील निवडक धागे ओढून काढतात आणि उरलेले धागे टाक्यांनी बांधून जाळी साधतात.

१८९८नंतरच्या अमेरिकन राजवटीत हे कौशल्य शाळेच्या अभ्यासक्रमात आले. पहिल्या महायुद्धात युरोपचा पुरवठा आटला, तेव्हा अमेरिकन बाजारासाठी मुलांचे कपडे व स्त्रियांची अंतर्वस्त्रे येथे भरली जाऊ लागली. कापड अमेरिकेतून येई, मनिलात त्यावर नक्षी छापली जाई, दलालांमार्फत ते खेड्यांतील घरोघरी पोहोचे आणि भरून परत जाई. नक्षी कोणाची, हे ठरलेले होते; टाका कोणाचा, ही नोंद कोठेही नव्हती. १९५३ साली रामोन मागसायसाय यांनी 'बारोंग' परिधान करून राष्ट्राध्यक्षपदाची शपथ घेतली आणि भरतकाम राष्ट्राचे चिन्ह ठरले. इतिहासाने परिधान करणाऱ्याचे नाव जपले, भरणारीचे नाही.

समकालीन कलेचे महत्त्व या पार्श्वभूमीवर तपासले पाहिजे. १९८७मध्ये इमेल्दा काहिपे-एन्दाया, ब्रेंदा फाहार्दो आदी कलावंत स्त्रियांनी 'कासिबुलान' ही संघटना स्थापन केली. स्त्रियांचे हस्तकौशल्य आणि 'श्रेष्ठ' कला यांच्यातील उतरंडीला तिने आव्हान दिले. पुढच्या पिढीतील सियान दायरित यांनी वसाहतकालीन नकाशांची भाषाच उलटवली. जमिनीची मालकी, खाणी आणि विस्थापन त्यांनी कापडावरील भरलेल्या नकाशांत मांडले. हेन्री कासेरेस या भरतकाम करणाऱ्या सहकाऱ्याचे नावही या कृतींच्या श्रेयात नोंदले गेले.

ही नोंद किरकोळ नव्हे. ज्या माध्यमाचा इतिहासच निनावी श्रमाचा आहे, त्यात कर्तृत्वाचा प्रश्न आशयाच्या बाहेर ठेवता येत नाही. अर्थात, नामनिर्देशाने विषमता संपत नाही. संकल्पना एकाची आणि हात दुसऱ्याचे, ही विभागणी कलादालनातही टिकून राहते. म्हणूनच भरतकामाला कलेचा दर्जा देणारी समीक्षा टाका घालणाऱ्या हातांविषयी मौन बाळगत असेल, तर ती दलालांच्या काळातील जुना व्यवहारच नव्या परिभाषेत चालू ठेवते.