घरातील चित्रगृहाची वाटचाल

ध्वनीला दिशा असते हे कानाला उपजत ठाऊक असते. यंत्राला मात्र ते शिकवावे लागले. पडद्यावरील पात्र एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला जाते, त्याचा आवाज मात्र जागचा हलत नाही, ही विसंगती दूर करू पाहणारे ॲलन ब्लमलाइन या इंग्रज अभियंत्याने १९३१ साली दोन वाहिन्यांच्या ध्वनिमुद्रणाच्या पेटंटासाठी अर्ज केला. १९४० साली डिस्नेच्या 'फँटेशिया'ने प्रेक्षकांच्या सभोवार ध्वनी खेळविला. परंतु त्याची यंत्रसामग्री इतकी अवजड व खर्चिक होती की मोजक्याच चित्रगृहांत तो प्रयोग होऊ शकला. डॉल्बीचा डिजिटल ध्वनी १९९२ साली चित्रगृहांत आला आणि १९९६ साली जपानमध्ये डीव्हीडी विक्रीस आली. १२ सेंटिमीटर व्यासाच्या त्या तबकडीत चित्रासह सहा वाहिन्यांचा ध्वनी मावला, आणि चित्रगृहाला दिवाणखान्याची वाट मोकळी झाली.

पुढील दशकात मध्यमवर्गीय घरांत आलेल्या 'होम थिएटर' संचात तबकडी वाजविणारे यंत्र व ॲम्प्लिफायर एकाच पेटीत असत. सोबत पाच छोटे स्पीकर आणि एक सबवूफर. खोल खर्जाची दिशा कानाला फारशी उमगत नाही. म्हणून सबवूफर कोपऱ्यात ठेवला तरी चाले. संवाद मात्र प्रामुख्याने समोरच्या मधल्या स्पीकरकडे सोपविलेले असत.

१९३२ च्या 'अयोध्येचा राजा'पासून कित्येक दशके मराठी बोलपट एकाच वाहिनीचे होते. ते लावले की मागच्या स्पीकरांना सांगण्यासारखे नवे काही नसे. पण आम्हां परप्रांतस्थ कुटुंबांना समोरून येणारी मराठी वाणीच हवी होती. शाळेत व शेजारी जी भाषा मुलांच्या कानी पडत नसे, ती सुटीच्या दिवशी घरात स्पष्ट ऐकू येई.

एका पेटीच्या सोयीतच तिचा धोका होता. लेझरचे भिंग निकामी झाले की बाकीचे सुस्थितीतील भागही अडगळ ठरत. अनेक संचांच्या स्पीकरांची जोडणी इतकी वेगळी असे की ते अन्य यंत्राला लावणे कठीण जाई. संच गेले, तशा कपाटांतील तबकड्याही मुक्या झाल्या.

जुने बोलपट अन्यत्र मिळतीलही. परंतु गणेशोत्सवातील आमची नाटके, घरची मंगलकार्ये, दिवंगत ज्येष्ठांची भाषणे यांची बहुधा एकुलती एक प्रत अशा तबकडीवर आहे, आणि घरी मुद्रित केलेल्या तबकडीतील रंगद्रव्य काळाने क्षीण होते. संगणकाला जोडावयाचा डीव्हीडी ड्राइव्ह बाजारात मिळतो आहे, तोवर प्रत्येक कुटुंबाने आपल्या तबकड्या बाहेर काढाव्यात, त्यांच्या दोन प्रती कराव्यात आणि एक मंडळाच्या संग्रही द्यावी. सुवर्णमहोत्सवी वर्षात आरंभ करण्याजोगे याहून निकडीचे काम आम्हांस दिसत नाही.