चिकटवलेला मोहर

पडद्यावर मे महिन्याचा पहिला दिवस जवळ आला आहे, झाडे फुलांनी लगडली आहेत. प्रत्यक्षात १९७२ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात, स्कॉटलंडच्या कडाक्याच्या थंडीत उघड्या फांद्यांना कृत्रिम फुले चिकटवली जात होती. 'ब्रिटिश लायन' ही कंपनी नुकतीच विकली गेली होती. नवा मालक तिची मालमत्ता फुंकून मोकळा होणार, अशी कामगार संघटनांना धास्ती होती. ती घालवायला घाईने एक चित्रपट सुरू झाला : 'द विकर मॅन'. वसंताची गोष्ट हिवाळ्याच्या तोंडावर चित्रित झाली ती अशी. तरी हा खोटा मोहर कथेला शोभतो, कारण त्या बेटावरची फळबाग मुळात नापीक झालेली असते.

हरवलेल्या मुलीच्या शोधात आलेला श्रद्धाळू ख्रिस्ती सार्जंट हॉवी आणि जुन्या देवांकडे वळलेले बेटकरी. अँथनी शॅफरची पटकथा, रॉबिन हार्डीचे दिग्दर्शन. ख्रिस्तोफर ली यांनी तर मानधनही घेतले नाही. पण तोवर कंपनीची सूत्रे पुन्हा बदलली. नव्यांना चित्रपट रुचला नाही. सुमारे ९९ मिनिटांचा चित्रपट ८७ मिनिटांवर आणून १९७३ मध्ये 'डोन्ट लुक नाऊ'चा जोडचित्रपट म्हणून लावला गेला.

या कापाकापीत मिनिटांपेक्षा मोठे नुकसान झाले ते एका रात्रीचे. मूळ कथेत हॉवी बेटावर दोन रात्री काढतो. पहिल्या रात्री तो खिडकीतून नुसता पाहतो. दुसऱ्या रात्री, विलोच्या नृत्याच्या वेळी, मोह त्याच्या भिंतीपलीकडे येऊन ठेपतो. काटछाटीत दोन्हींची एकच रात्र झाली. फास आवळायला जो वेळ हवा, तोच गेला. रहस्यपटाच्या बाबतीत हा घाव वर्मी बसणारा आहे.

पुढे मूळ निगेटिव्हही हरवली; ती महामार्गाच्या भरावात गाडली गेली, अशी दंतकथा आहे. वाचली ती अमेरिकेतल्या रॉजर कॉर्मनकडे गेलेली लांब प्रत. तिच्या आधारे दुसरी रात्र परत आली. १९७७ मध्ये 'सिनेफँटास्टिक' या अमेरिकी नियतकालिकाने या चित्रपटावर विशेषांक काढला. २००६ च्या पुनर्निर्मितीबद्दल न बोललेले बरे. खरा वारसा 'मिडसोमर'मध्ये (२०१९) दिसतो : लख्ख ऊन, फुलांचे मुकुट, हसतमुख गावकरी आणि भीती.

अखेरीस जळत्या पुतळ्याचे डोके कोसळते आणि मागे मावळता सूर्य दिसतो. तो मात्र खरा होता. बरो हेडच्या कड्यावर त्या पुतळ्याच्या पायांचे खुंट पुढे कित्येक वर्षे उभे होते. लोक ते पाहायला येत. एके दिवशी तेही कुणीतरी कापून नेले.