कवड्यांचा देश

मराठीत कवडीला फारसा मान नाही. टाकाऊ वस्तू ‘कवडीमोल’ ठरते, कंजूष माणूस ‘कवडीचुंबक’ असतो आणि खिसा रिकामा असला की आपण ‘फुटकी कवडी नाही’ म्हणतो. पण जरा विचार केला तर लक्षात येईल, की या तिन्ही ठिकाणी कवडी म्हणजे पैसाच आहे, अगदी लहानात लहान पैसा. मग हा पैसा कुठल्या टांकसाळीतून येत होता? त्याची सर्वात मोठी टांकसाळ हिंदी महासागरात होती. तिचं नाव मालदीव.

नकाशात मुलांना मालदीव शोधायला सांगा. केरळच्या नैऋत्येला बारीक ठिपक्यांची एक उभी माळ दिसेल. सुमारे १२०० बेटं आठशे किलोमीटरहून अधिक लांबीत विखुरलेली आहेत, पण सगळी जमीन एकत्र केली तर ती जेमतेम ३०० चौरस किलोमीटर भरते, म्हणजे बृहन्मुंबईहूनही कमी. बहुतेक जमिनीची उंची समुद्रसपाटीपासून दीड मीटरही नाही. वर्गातल्या फळ्याचा वरचा काठ त्याहून उंच असतो!

ही जमीन आली कुठून? इथे महाराष्ट्राशी एक जुनं नातं निघतं. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी भारताचा भूपट्ट एका तप्तबिंदूवरून सरकत असताना जो लाव्हा बाहेर पडला, त्यातून सह्याद्रीचा काळा पाषाण घडला. भूपट्ट पुढे उत्तरेकडे सरकत राहिला आणि मागे समुद्रतळावर ज्वालामुखींची एक रांग उमटत गेली. मालदीव याच रांगेवर उभं आहे. ज्वालामुखी थंडावले, हळूहळू खचले. त्यांच्या माथ्यावरच्या प्रवाळांना मात्र उजेड हवा होता, म्हणून ते वर वर वाढत राहिले. खाली गेलेल्या डोंगराच्या जागी प्रवाळांचं कडं उरलं. अशा कंकणाकृती बेटांची ही उपपत्ती चार्ल्स डार्विनने १८४२ साली पुस्तकरूपाने मांडली. जगभरच्या भूगोलात रूढ झालेला ‘अॅटॉल’ हा शब्दही मालदीवच्या दिवेही भाषेतून आलेला आहे.

म्हणजे इथली जमीन प्रवाळांच्या चुऱ्याची. तिच्यात नारळ वाढतो, पण भातशेती होत नाही. तरीही माणसं इथे दोन हजार वर्षांच्या आसपास राहत आली. भात बाहेरून आणायचा, तर मोबदल्यात द्यायचं काय? सुकवलेली मासळी, नारळाचा काथ्या, आणि उथळ पाण्यात मुबलक सापडणाऱ्या कवड्या. अकराव्या शतकात अल्बेरुनीने या भागातल्या बेटांची विभागणीच ‘कवड्यांची बेटं’ आणि ‘काथ्याची बेटं’ अशी केली होती.

कवडी हे उत्तम नाणं होतं. ती झिजत नाही, कुजत नाही, आकाराने साधारण सारखी असते, मोजता येते आणि तिची नक्कल करणं कुणालाच परवडत नाही. मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता १३४३ साली मालदीवला पोहोचला आणि तिथे काही काळ काजी होता. त्याने लिहून ठेवलं आहे, की लोक समुद्रातून हे प्राणी गोळा करून किनाऱ्यावरच्या खड्ड्यांत टाकतात. मांस कुजून गेलं की पांढरं कवच उरतं. बंगालचे व्यापारी त्याबद्दल तांदूळ देतात. एका सोन्याच्या दिनाराला तिथे चार लाख कवड्या मिळत, स्वस्ताई असली तर दहा-बारा लाखही.

पुढे हाच प्रवासी पश्चिम आफ्रिकेतल्या माली राज्यात गेला. तिथेही कवडीच चलनात होती. मात्र भाव होता दिनाराला ११५०! दोन्हीकडचा दिनार सारखाच धरला, तर ही तफावत सुमारे साडेतीनशे पट होते. कवडी तीच, पण ती जिथे सापडते तिथून दूर जाईल तसतशी महाग होते. किंमत वस्तूत असते की दुर्मिळतेत, हा प्रश्न वर्गात विचारायला याहून चांगलं उदाहरण मिळणार नाही.

या तफावतीला एक काळी बाजूही आहे. सतराव्या-अठराव्या शतकांत डच आणि इंग्रज व्यापाऱ्यांनी बंगाल आणि श्रीलंकेच्या बंदरांतून कवड्या विकत घेतल्या. जहाजाचा तोल सांभाळायला भरताड म्हणून त्या युरोपात नेल्या आणि तिथून पश्चिम आफ्रिकेच्या किनाऱ्यावर पोहोचवल्या. तिथे गुलाम म्हणून विकल्या जाणाऱ्या माणसांच्या किमतीचा काही भाग कवड्यांत चुकवला जाई. मालदीवच्या किनाऱ्यावर कमरेइतक्या पाण्यात कवड्या वेचणाऱ्यांना आपल्या भाताच्या मोबदल्याचं पुढे काय होतं, हे कळण्याचा मार्गच नव्हता.

एकोणिसाव्या शतकात हा पैसा संपला. बंगाल-ओडिशात कंपनी सरकारने धातूच्या नाण्यांचा आग्रह धरला. आफ्रिकेत झांझिबारकडच्या दुसऱ्या जातीच्या कवड्या भरमसाट आल्या आणि भाव कोसळले. नाण्यांचा पूर आला की नाणं स्वस्त होतं, हा नियम शिंपल्यालाही चुकला नाही.

मालदीव १९६५ साली स्वतंत्र झालं. धान्य आजही बाहेरूनच येतं, फक्त मोल चुकवण्याची रीत बदलली. आता पर्यटक येतात, ते प्रवाळ पाहायला. पण १९९८ साली आणि पुन्हा २०१६ साली समुद्र प्रमाणाबाहेर तापला. प्रवाळांना अन्न पुरवणारी सूक्ष्म शैवालं त्यांच्या शरीरातून बाहेर पडली आणि प्रवाळ पांढरे पडले. १९९८ साली तर उथळ पाण्यातले बहुसंख्य प्रवाळ मेले. पाण्याची पातळी वाढते आहे, ही गोष्ट सगळ्यांना ठाऊक असते. त्याहून कमी बोललं जातं ते हे, की जिवंत प्रवाळ सतत नवी वाळू तयार करतात आणि लाटांना अडवतात. पूर्वी डोंगर खचला तेव्हा प्रवाळ वर वाढले, म्हणून बेटं टिकली. पाणी वर येत असताना त्यांना पुन्हा तेच करता येईल का, हे ते जिवंत राहण्यावर अवलंबून आहे.

कवडी संपली तेव्हा मालदीवला दुसरं नाणं सापडलं. प्रवाळाच्या जागी ठेवायला मात्र दुसरं काही नाही. कारण कवडी हा त्या देशाचा पैसा होता, आणि प्रवाळ ही त्याची जमीनच आहे.