दोन तारामती

इ. स. १९१३ मध्ये दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र' हा चित्रपट सिद्ध केला, तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी त्यांस एकही स्त्री मिळाली नाही. अखेर उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके नामक तरुणास लुगडे नेसवून त्यांनी वेळ निभावून नेली. पुढे १९३२ मध्ये कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने त्याच कथेवर 'अयोध्येचा राजा' हा बोलपट काढला, आणि त्यात तारामती झाल्या त्या सुशिक्षित व प्रतिष्ठित घराण्यातील दुर्गाबाई खोटे. या एकोणीस वर्षांत काय पालटले व काय पालटावयाचे राहिले, याचा विचार ज्ञातिबांधवांपुढे ठेवावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईस लाड घराण्यात झाला. वडील सॉलिसिटर होते. सेंट झेवियर्स महाविद्यालयापर्यंत त्यांचे शिक्षण झाले व श्रीमंत खोटे घराण्यात त्यांचा विवाह झाला. परंतु लक्ष्मी चंचल असते. सासरचे वैभव ओसरले आणि संसारासाठी स्वतः मिळविणे त्यांस प्राप्त झाले. पुढे अकाली वैधव्य आले व दोन पुत्रांच्या संगोपनाचा भारही त्यांच्यावरच पडला.

त्यांचा पहिला चित्रपट 'फरेबी जाल' (१९३१). त्यात त्यांचे काम अल्पच होते. परंतु बोल लागला तो मात्र घराण्यास. एखादी दुसरी स्त्री तेथेच खचली असती. परंतु शांतारामबापूंनी त्यांस तारामतीसाठी निवडले, आणि निंदा करणारे लोकच तिकिटे काढून तो बोलपट पाहू लागले.

त्या काळी नट-नटी मासिक वेतनावर एकाच कंपनीशी बांधलेल्या असत. कंपनी सांगेल ती भूमिका करावयाची, अन्यत्र पाऊल टाकावयाचे नाही, अशी रीत होती. दुर्गाबाईंनी ही चाकोरी सोडली. 'सीता' (१९३४) साठी त्या कलकत्त्यास ईस्ट इंडिया फिल्म कंपनीत गेल्या, 'अमर ज्योती' (१९३६) साठी पुन्हा प्रभातकडे आल्या, तर 'भरत मिलाप' (१९४२) मध्ये प्रकाश पिक्चर्सच्या कैकेयी झाल्या. अशा स्वतंत्र वृत्तीत महिनाअखेरच्या पगाराची शाश्वती नसते. पण कोणते काम घ्यावे, हे ठरविण्याचा अधिकार आपला राहतो.

एवढ्यावर त्या थांबल्या नाहीत. १९३७ मध्ये 'साथी' या चित्रपटाची त्यांनी निर्मिती केली. पुढे स्वतःची संस्था काढून लघुपट व जाहिरातपट तयार केले. दूरदर्शनवर गाजलेली 'वागळे की दुनिया' ही मालिका त्यांच्याच संस्थेची. 'मुगल-ए-आझम' (१९६०) मधील त्यांची जोधाबाई कोण विसरेल? १९६८ मध्ये त्यांस पद्मश्री मिळाली व १९८३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कारही लाभला. ज्या फाळक्यांस तारामती मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचा सन्मान एका तारामतीस मिळाला. २२ सप्टेंबर १९९१ रोजी त्या निवर्तल्या.

आता थोडे आमच्याविषयी. १९८४ साली आम्ही माजलगाव तालुक्यातील एका शाळेत शिक्षक होतो. स्नेहसंमेलनाच्या नाटिकेत जिजाऊंच्या भूमिकेसाठी सातवीतील एक मुलगी आम्ही निवडली. तिचा आवाज मागच्या ओळीपर्यंत खणखणीत पोहोचत असे. दोन तालमी झाल्या आणि तिचे चुलते शाळेत आले. "गुरुजी, आमच्या घरची पोर चार माणसांपुढं नाचवायची नाही," एवढे बोलून ते तिला घेऊन गेले. आम्ही काय केले? एका मुलास लुगडे नेसविले. टाळ्या पडल्या. फाळक्यांस एकाहत्तर वर्षांपूर्वी नाइलाजाने जे करावे लागले, ते आम्ही सोय म्हणून केले. ती मुलगी दिवाळीनंतर शाळेत दिसली नाही. तिच्या घरी जाऊन दोन शब्द बोलणे हे आमचे कर्तव्य होते. ते आम्ही केले नाही, ही खंत अद्याप आहे.

सर्व कन्यांनी नटी व्हावे, असे आमचे म्हणणे नाही. दुर्गाबाईंच्या अंगी शिक्षण होते, म्हणून विपत्तीच्या काळी त्या दुसऱ्याच्या दारी न जाता स्वतःच्या पायांवर उभ्या राहिल्या. आपल्या ज्ञातीत गुणवंतांचे सत्कार होतात, ही आनंदाची गोष्ट आहे. परंतु जिचा गुण उंबरठ्याच्या आतच राहिला, तिचा सत्कार कोण करणार? पुढील स्नेहमेळाव्यात नाटिका बसेल, तेव्हा स्त्रीभूमिकेसाठी लुगडे शोधण्यापूर्वी आपापल्या घरातील कन्येस एकवार विचारावे, असे आमचे सर्व ज्ञातिबांधवांस नम्र सांगणे आहे.