वडसा : एका जिल्ह्याचं एकुलतं स्टेशन

गडचिरोली जिल्हा 14,412 चौरस किलोमीटरचा. एवढ्या मुलखात वर्षानुवर्षं रेल्वे स्टेशन एकच, वडसा. गावाचं सरकारी नाव देसाईगंज, पण तिकीट वडशाचंच मिळतं. तेही जिल्ह्याच्या उत्तर कोपऱ्यात, वैनगंगेजवळ. दक्षिणेकडच्या अहेरी-सिरोंच्याच्या माणसाला आपल्याच जिल्ह्याचं हे स्टेशन परमुलखासारखं दूर.

याचा दोष स्टेशनला देता येत नाही. ते उभं राहिलं तेव्हा गडचिरोली जिल्हाच नव्हता. बंगाल-नागपूर रेल्वे कंपनीने 1908 ते 1913 या काळात गोंदियाहून नागभीडमार्गे चांदा फोर्टपर्यंत अडीच फुटी रूळ नेले. तीच इकडची ‘छोटी लाइन’. जंगलातून रूळ टाकायचे तर अरुंद मार्ग स्वस्त पडतो. रूळ हलके, पूल लहान, वळणं आखूड चालतात. त्याची किंमत मात्र गोंदियाच्या हमालांनी मोजली. झाडीपट्टीतलं, म्हणजे या जंगली पट्ट्यातलं, धान आणि लाकूड तिथे छोट्या डब्यांतून उतरवून मोठ्या डब्यांत चढवावं लागे.

गोंदियाकडून येणारी ही लाइन अर्जुनी मोरगाव मागे टाकून वडशाला येते आणि वैनगंगा ओलांडून ब्रह्मपुरीला जाते. तेव्हा नदीच्या दोन्ही काठांना एकच चांदा (म्हणजे चंद्रपूर) जिल्हा होता, त्यामुळे कुठलं स्टेशन कुठल्या काठावर, याला काही अर्थ नव्हता. तो आला 26 ऑगस्ट 1982 ला. चंद्रपूरचं विभाजन झालं आणि बऱ्याच ठिकाणी वैनगंगाच हद्द ठरली. ब्रह्मपुरी, नागभीड, सिंदेवाही, मूल, चांदा फोर्ट ही सगळी स्टेशनं चंद्रपूरकडे राहिली. पूर्व काठावर एकटं वडसा होतं, ते गडचिरोलीच्या वाट्याला आलं. एक नवा रूळ न टाकता वडसा अख्ख्या जिल्ह्याचं स्टेशन झालं!

1990 च्या दशकात छोटी लाइन मोठी झाली. मग गोंदियाचा अडथळा सरला आणि छत्तीसगडहून दक्षिणेकडे जाणाऱ्या गाड्यांना नागपूर टाळून जायचा रस्ता मिळाला. कोरबा-यशवंतपूर ‘वैनगंगा एक्स्प्रेस’ याच मार्गाने धावते. अलीकडे जबलपूर-चांदा फोर्ट गाडीही सुरू झाली. वडशाच्या माणसाचा रोजचा आधार मात्र गोंदिया-बल्लारशाह पॅसेंजरच. बाजार, कॉलेज, दवाखाना, सगळं तिच्या वेळेवर.

वडशाची आणखी एक ओळख रेल्वेच्या वेळापत्रकात सापडणार नाही. झाडीपट्टी रंगभूमीचं हे मुख्य ठाणं. दिवाळीनंतर मंडई (गावजत्रा) आणि शंकरपटाचे (बैलांच्या शर्यतींचे) दिवस सुरू झाले की गावोगावची मंडळी नाटक ठरवायला इथे येतात आणि होळीपर्यंत रात्र-रात्र प्रयोग रंगतात. या रंगभूमीवरच्या परशुराम खुणे यांना 2023 साली पद्मश्री मिळाली. ही रंगभूमी रेल्वेने घडवली असं मी म्हणणार नाही. पण चार जिल्ह्यांची माणसं जिथे सहज जमतात तिथेच असं ठाणं बसतं, आणि वडशाला येणं सोपं केलं ते रुळांनी.

वडशाहून गडचिरोलीपर्यंत सुमारे 52 किलोमीटरची नवी लाइन मंजूर आहे. खर्च केंद्र आणि राज्याने निम्मा-निम्मा उचलायचा. जमीन आणि जंगलाच्या परवानग्यांत हे काम वर्षानुवर्षं रखडलं. ते पुरं झालं की जिल्ह्याचं मुख्यालय रेल्वेवर येईल आणि वडसा जंक्शन होईल. दक्षिणेचं काय, हा प्रश्न तरीही उरेल. सिरोंच्याची माणसं आजही गाडी पकडायला नदी ओलांडून तेलंगणात मंचेरियालला जातात.

बाहेरून येणाऱ्यांनी एवढं ध्यानात ठेवावं : आरमोरी, कुरखेडा किंवा गडचिरोली गाठायची तर वडशाला उतरून एसटी पकडा. दक्षिणेकडे हेमलकशाला जायचं असेल तर वडशाचं तिकीट काढू नका. बल्लारशाहला उतरा आणि आलापल्लीमार्गे जा.